‘च’ येईपर्यंत

पुण्याच्या पेठांत ग्रंथवाला माणूस साधारण दर गल्लीला एक या प्रमाणात मिळतो. ग्रंथवाला म्हणजे अप्पा बळवंत चौकात पुस्तकं विकणारा नव्हे, आणि घरात पुस्तकं बाळगणाराही नव्हे. ज्याच्याकडे नसलेला ग्रंथ असतो, तो ग्रंथवाला.

कुणाचा ग्रंथ विमानांवर असतो, कुणाचा पाऱ्यावर, कुणाचा अगस्त्य ऋषींच्या बॅटरीवर. विषय कुठलाही असो, ग्रंथाची गत ठरलेली. एक तर तो नालंदेत जळाला, नाहीतर जर्मनीत आहे, नाहीतर कोकणातल्या एका घराण्याकडे आहे आणि ते लोक दाखवत नाहीत. आमच्या तात्यांचा ग्रंथ या बाबतीत भाग्यवान. त्याची एक प्रत जळाली, एक जर्मनीत आहे आणि एक कोकणात.

ग्रंथाचं नाव ‘चैतन्यपटसंहिता’. कर्ते तंतुवाय ऋषी. विषय, जिवंत कापड विणण्याची विद्या. नुसतं जिवंत नव्हे, जाणतं कापड. या कापडाला थंडी कळते, ऊन कळतं, नेसणाऱ्याची नियत कळते. फाटलं तर रात्रीतून आपलं आपण भरून येतं. खोटं बोलणाऱ्याच्या अंगावर त्याला खाज सुटते. म्हणजे कापडाला, माणसाला नव्हे. धनी परगावी गेला तर ते पेटीतल्या पेटीत सुकतं. आणि धनी कायमचा गेला, की तेराव्या दिवशी धागे आपसूक सुटून त्याचं परत सूत होतं. हे शेवटचं तात्या जरा थांबून, चष्मा पुसत सांगतात. चष्मा ज्या पंच्याच्या टोकाने पुसतात, त्या पंच्याला मात्र कित्येक वर्षांत काही कळल्याचं दिसत नाही.

तात्या डिफेन्स अकाउंट्समधून निवृत्त झाले. हयातभर दुसऱ्यांची व्हाउचरं तपासली. सहीशिवाय एक पैसा पुढे सरकू दिला नाही, मूळ पावतीवाचून प्रवासभत्ता दिला नाही. मेजरसाहेबांना सुद्धा, असं ते अभिमानाने सांगतात. निवृत्त झाल्यावर माणसाला जरा मोकळं वागावंसं वाटतं. तात्या पुराव्याच्या बाबतीत मोकळे झाले.

संहितेचे साडेबारा श्लोक तात्यांच्या वहीत आहेत. वहीच्या मलपृष्ठावर पाढे आणि मोजमापांची कोष्टकं. साडेबाराच का, तर तेराव्या श्लोकाचा अर्धा भाग कसरीने खाल्ला. वहीतला श्लोक कसरीने कसा खाल्ला, असा प्रश्न मी एकदा विचारून बसलो. मूळ पोथीतला खाल्ला होता, म्हणून उतरवताना अर्धाच उतरला, हे उत्तर. मूळ पोथी तात्यांनी पाहिलेली नाही. त्यांच्या आजोबांच्या एका स्नेह्यांनी पाहिली होती, आणि तीही मोतीबिंदू पिकल्यावर.

आमच्या सोसायटीत संस्कृत शिकवून निवृत्त झालेल्या एक बाई आहेत. त्यांनी एकदा जिन्यात, हातातली भाजीची पिशवी खाली न ठेवता, तात्यांना सांगितलं की ‘चैतन्यपट’ हा शब्द कुठल्याही कोशात नाही.

“कुठल्या कोशात?” तात्या म्हणाले.

बाईंनी दोन-तीन नावं घेतली.

“डेक्कन कॉलेजच्या?”

बाई गप्प झाल्या, कारण इथे तात्यांचा मुद्दा बिनतोड होता. येरवड्याला डेक्कन कॉलेजात संस्कृतच्या महाकोशाचं काम 1948 पासून चालू आहे. ऋग्वेदापासून पुढचे दीड हजारांच्या आसपास ग्रंथ पिंजून, कुठला शब्द कधी कोणत्या अर्थाने आला याच्या लाखो चिठ्ठ्या करून ठेवल्या आहेत. पहिला खंड 1976 पासून निघू लागला. तेव्हापासून 35 खंड निघाले आणि कोश अजून ‘अ’ या अक्षरावर आहे. चेष्टेने सांगत नाही. पुण्यात इतक्या निमूटपणे चाललेलं दुसरं मोठं काम मला तरी माहीत नाही. पण तात्यांच्या दृष्टीने त्या कोशाचा उपयोग एकच.

“‘च’ येईपर्यंत,” तात्या म्हणाले, “मला खोटं ठरवणारा जन्माला यायचाय.”

बाई भाजी घेऊन वर गेल्या.

तात्यांच्या बाबतीत खरी पंचाईत ही, की त्यांचे संदर्भ बरोबर असतात. चुकीचे असते तर आम्ही केव्हाच सुटलो असतो. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातलं 130वं सूक्त काढा म्हणतात. काढलं, तर खरोखरच यज्ञ मागावर ताणलेला आहे आणि पितर बसून विणताहेत. अथर्ववेदात दोन तरुणी सहा खुंट्यांवर पट विणत आहेत, आहेत. आदिपर्वात उत्तंक कुंडलं शोधत नागलोकात उतरतो, तिथे दोन स्त्रिया काळ्या आणि पांढऱ्या धाग्यांनी कापड विणताना त्याला दिसतात; दिसतात. त्या धाता आणि विधाता, आणि ते धागे म्हणजे रात्र आणि दिवस, हा खुलासाही तिथेच आहे. आपल्या पूर्वजांना जग म्हणजे मागावर चढवलेलं कापड वाटलं, इथवर तात्या आणि आम्ही सगळे एकत्र चालतो. पुढच्या वळणावर ते एकटेच निघून जातात. “म्हणजे विद्या होती,” ते म्हणतात. “विद्या असल्याशिवाय रूपक सुचत नाही.”

द्रौपदी हा तर त्यांचा हुकमी एक्का. भांडारकर संस्थेने महाभारताची चिकित्सक आवृत्ती काढली, ती पुण्यात पिढ्यान्‌पिढ्या सांगितली जाणारी गोष्ट आहे: 1919 ला आरंभ, 1966 ला समाप्ती, 1259 हस्तलिखितं ताडून पाहिली. त्यातलं सभापर्व फ्रँकलिन एजर्टन या अमेरिकन पंडिताने संपादित केलं, ते 1944 साली छापून आलं. आता गंमत अशी, की वस्त्रहरणाच्या प्रसंगात द्रौपदी कृष्णाचा धावा करते आणि कृष्ण वस्त्रं पुरवतो, हे जे आपण कीर्तनापासून टीव्हीपर्यंत सगळीकडे पाहिलं, ते जुन्या प्रतींच्या आधाराने टिकेना. एजर्टननी तो धावा मुख्य संहितेतून काढून तळटीपांत बसवला. वर जे उरलं त्यात एवढंच आहे: दुःशासन वस्त्र ओढतो, आणि आणखी वस्त्र निघतं, आणि आणखी निघतं. कोण पुरवतं, कसं पुरवतं, काही नाही.

हे कळलं त्या दिवशी तात्या संध्याकाळी नागनाथ पारापाशी उभे होते आणि येणाऱ्या-जाणाऱ्याला थांबवत होते.

“कृष्ण नाही! भांडारकरच सांगतंय, कृष्ण नाही! मग कापड वाढलं कसं?”

कुणी म्हणालं, चमत्कार. कुणी म्हणालं, सतीचं पुण्य.

“कापडाला लाज वाटली!” तात्या म्हणाले. “सभेत भीष्म-द्रोणांना वाटली नाही, ती कापडाला वाटली. जाणतं कापड होतं ते!”

सांगतो ते खरं सांगतो, या एका वाक्यासाठी मी तात्यांना बाकीचं सगळं माफ केलं आहे. वाक्य ग्रंथातलं नाही, तात्यांचं आहे. त्यांना ते पटणार नाही. तेही त्यांनी तंतुवाय ऋषींच्या नावावर टाकलं.

माधवराव पेशव्यांचंही एक प्रकरण आहे, ते थोडक्यात सांगतो. थोरल्या माधवरावांनी एका पत्रात असावली दुपट्टे मागवले, लाल, हिरवे, केशरी, डाळिंबी आणि गुलाबी. पैठणीचा इतिहास लिहिणारा प्रत्येक जण हे पत्र सांगतो. तात्यांनी रंग मोजले. पाच. प्राणही पाच. प्रकरण संपलं.

विमानांचा विषय तात्यांपाशी काढू नये, पण त्यांच्या जावईबापूंनी काढला. ते आयटीतले, हिंजवडीहून दीड तास वाहतुकीत अडकून आले होते, म्हणून मनःस्थिती तशीच होती. बंगळुरूच्या भारतीय विज्ञान संस्थेतल्या पाच जणांनी 1974 मध्ये ‘वैमानिकशास्त्र’ तपासलं, ते त्यांनी सांगितलं. हजारो वर्षांचा म्हणवणारा तो ग्रंथ 1904 च्या अलीकडचा निघाला, आणि त्यात वर्णिलेली विमानं उडूच शकत नाहीत असा अभिप्राय पडला.

तात्यांनी शांतपणे ऐकून घेतलं. “त्यांनी विमान बांधलं होतं का?”

“नाही. गणित केलं.”

“गणित करून कुणी उडतं का?”

जावईबापूंनी चहा घेतला.

“आणि मुख्य म्हणजे,” तात्या पुढे म्हणाले, “विमानवाले फसले ते आकृत्या दिल्या म्हणून. आमच्या ऋषींनी एकही आकृती दिली नाही.”

ग्रंथवाल्याचं सगळं शहाणपण या वाक्यात आलं. मापं दिली की माणूस पकडला जातो. हिशेबखात्यातला अनुभव वाया जात नाही.

काकूंचं, म्हणजे तात्यांच्या पत्नीचं, या सगळ्याविषयी मत काय, हे त्यांना कुणी विचारत नाही. त्या विचारण्याची वाटही पाहत नाहीत. तात्या एकदा पाहुण्यांना सांगत होते, की कापडाला स्पर्श कळतो, कोण शिवलं ते कळतं, ही कल्पना जगात पहिल्यांदा तंतुवाय ऋषींनी मांडली. काकू आतून साबुदाण्याची परात घेऊन आल्या.

“त्यात काय मोठंसं? आमच्या सासूबाईंचं सोवळं नव्हतं का? उंच वलणीवर असायचं. काठीनेच वाळत टाकायचं, काठीनेच काढायचं. आंघोळ न केलेलं पोर नुसतं जवळून गेलं तरी त्याला कळायचं. लगेच विटाळलंच ते. परत धुवा, परत पिळा. आणि मुकटा रेशमाचा, म्हणून त्याला काही व्हायचं नाही; तो जाड कातडीचा. सुती बिचारं हळवं.” मग परात खाली ठेवून म्हणाल्या, “आणि हेच शाळेतून येऊन मुद्दाम त्याला बोट लावून पळायचे. सासूबाईंनी मला सांगितलंय.”

“ती रूढी,” तात्या म्हणाले. “हे शास्त्र.”

काकूंचं म्हणणं मला तात्यांच्या ग्रंथापेक्षा भक्कम वाटतं. जाणतं कापड आपल्या घराघरांत खरोखरच होतं. दारात आलेला कोण, कोणत्या जातीचा, घरातल्या बाईचे कुठले दिवस चालू आहेत, सगळं त्याला ठाऊक असायचं, आणि ते कुणालाही माफ करत नसे. वलणीवरून ते उतरलं ते फार बरं झालं. त्या कापडाला पोथी लागत नव्हती, मागही खास लागत नव्हता. बाजारातलं साधं लुगडं रात्रीतून तसं व्हायचं.

ज्येष्ठ नागरिक संघात तात्यांचं व्याख्यान झालं, त्याला मी होतो. विषय फळ्यावर लिहिला होता, ‘प्राचीन भारतातील सजीव वस्त्रविद्या’, आणि खाली ‘व्याख्यानानंतर बटाटेवडा’. उपस्थिती चांगली होती. पुण्यात व्याख्यानाला माणूस ज्ञानासाठी येतो आणि शंकेसाठी थांबतो. तात्यांनी पाऊण तास ताणा म्हणजे पुरुष आणि बाणा म्हणजे प्रकृती असं सांगितलं. मग अध्यक्षांनी शंका विचारायला सांगितल्या, ती चूक झाली.

पहिली शंका, हे कापड इस्त्रीला टाकायचं का. दुसरी, पांढरं आणि रंगीत वेगवेगळं भिजवायचं, तर त्यांच्यात भांडणं होतात म्हणून का रंग जातो म्हणून. एका बाईंनी विचारलं, साडी जिवंत असेल तर सून नेसली की ती सासूला सांगेल का. सभागृहात जरा चुळबूळ झाली. न्यायखात्यातून निवृत्त झालेले एक गृहस्थ उठले. त्यांनी घसा साफ केला.

“शिंप्याने कातर लावली, तर हत्येचं पातक कुणाकडे? शिंप्याकडे, की माप देणाऱ्याकडे?”

तात्या क्षणभर थांबले. “म्हणून तर,” ते म्हणाले, “प्राचीन काळी शिवत नसत. गुंडाळत असत.”

टाळ्या पडल्या. वडे गार झाले होते.

नातीच्या लग्नाची पैठणी थेट मागावरून घ्यायची असं ठरलं, म्हणून सगळे येवल्याला गेले. गाडीत एक जागा रिकामी होती, तिथे मी. लक्ष्मी रस्त्यावर काय मिळत नाही, असा काकूंचा सूर होता. तात्यांचा हेतू वेगळा होता हे आम्हाला नंतर कळलं. विणकराच्या घरात पुढच्या खोलीत जमिनीत खड्डा, खड्ड्यात पावड्यांवर पाय सोडून तो बसलेला, समोर अंजिरी रेशमाचा ताणा. रेशीम बंगळुरूचं, जर सुरतेची. पदर चालू होता. पदराला एक धोटा इकडून तिकडे फेकून भागत नाही. प्रत्येक रंगाची वेगळी लहान कांडी, मोराच्या मानेला वेगळी, पिसाऱ्याला वेगळी. तो त्या बोटांनी आत-बाहेर फिरवत होता, एका धाग्याला दुसऱ्यात अडकवत होता, म्हणून पदर उलटा केला तरी सुलटाच दिसतो. दिवसभरात किती होतं विचारलं तर त्याने बोटाची दोन पेरं दाखवली.

तात्या खड्ड्याच्या काठाशी मांडी घालून बसले. “याला कळतं का हो काही?”

“कशाला?”

“कापडाला.”

विणकर हसला नाही. तो म्हणाला, “उन्हाळ्यात हवा कोरडी पडली की रेशीम चिडतं काका, तटातट तुटतं. म्हणून खड्डा. खाली ओल राहते. पावसाळ्यात उलटं, ढिलं पडतं, मग फणी हलकी मारायची. घरात भांडण झालं आणि तसंच येऊन बसलो, की त्या दिवसाची वीण दाट येते. बाहेरच्या माणसाला नाही दिसत, पण आमच्या वडिलांना दिसायची. हात लावून सांगायचे, मंगळवारी काय झालं रे?”

मी वही काढायला खिशात हात घातला. सात जन्मांत तात्यांना इतका चांगला पुरावा मिळाला नसता. तात्यांनी तो ऐकलाच नाही.

“ते ठीक. पण तुमच्या घराण्यात एखादी पोथी?”

“पोथी नाही. कागद आहे.” त्याने चौकटींचा कागद पुढे केला. त्यावर मोर होता, चौकट चौकट भरलेला.

“हा नव्हे हो. प्राचीन. ज्यात विद्या लिहिली आहे अशी.”

“वाचत बसलो तर विणणार कोण, काका?”

तात्यांनी शेवटचा प्रयत्न केला. “रेशीम जिवंत असतं असं तुमच्यात म्हणतात का?”

“होतं ना जिवंत. तेव्हा तो किडा होता. कोश उकळला, मग रेशीम झालं.” आणि त्याने कांडी फिरवली.

परतताना संगमनेरपर्यंत तात्या बोलले नाहीत. मग म्हणाले, विद्या लुप्त कशी झाली ते आज समजलं. ती अशा लोकांच्या हातात पडली. काकूंनी मांडीवरची पैठणी उघडून पदर पुन्हा एकदा दोन्ही बाजूंनी पाहिला.

आता परवाची गोष्ट. कोथरूडच्या एका गृहस्थांचं तात्यांना पत्र आलं. त्यांच्याकडेही ‘चैतन्यपटसंहिता’ आहे. तीत साडेबारा नव्हे, 40 श्लोक आहेत. तेरावा पुरा आहे. शिवाय शेवटी शिवणकामाचा स्वतंत्र अध्याय आहे. दोघांनी मिळून ग्रंथ प्रसिद्ध करावा, असा प्रेमळ प्रस्ताव.

तात्या संतापले. “कोथरूडात पोथी? माझ्या लहानपणी तिथे भाताची खाचरं होती!” त्यांनी तिथल्या तिथे पॅड ओढलं आणि उत्तर लिहिलं. मला वाचून दाखवलं. हिशेबखात्यातले तात्या कितीतरी वर्षांनी पुन्हा दिसले, एकेक मुद्दा ठोकून बसवलेला. मूळ प्रत कोठे आहे? ती आपण स्वतः डोळ्यांनी पाहिली आहे काय? लिपी कोणती? कागद की भूर्जपत्र, आणि त्याचं वय कुणाकडून ठरवून घेतलं? नक्कल करणाऱ्याचं नाव आणि शक दिला आहे काय? अन्य कोणत्या ग्रंथात या ग्रंथाचा उल्लेख आहे? भांडारकर संस्थेने एका महाभारतासाठी 1259 हस्तलिखितं ताडून पाहिली. आपण किती पाहिली? शिवणकामाचा अध्याय उघड प्रक्षिप्त आहे. समाधानकारक पुरावा येईपर्यंत आपला दावा विचारात घेता येत नाही. कळावे.

काकू चष्मा लावून पत्र पहिल्यापासून शेवटपर्यंत वाचत होत्या. वाचून झाल्यावर त्यांनी ते नीट घडी करून तात्यांच्या हातात दिलं.

“टाकण्याआधी एक झेरॉक्स काढून ठेवा,” त्या म्हणाल्या. “घरातही लागेल.”